डावा कान, झिजलेला

ती घटना आठवत नाही असं मी बरीच वर्षं सांगत आलो. निवृत्तीच्या समारंभात सहकाऱ्यांनी पहिली मोठी कामगिरी सांगा म्हणून आग्रह केला, तेव्हाही मी एका दरोड्याची हकिगत सांगून वेळ मारून नेली. खरं तर ती मला तारखेनिशी, कपड्यांनिशी आठवते. आठवायची लाज वाटते, एवढंच. आज लिहून टाकतो. नाव कुणाचंच लिहीत नाही. माझं लिहायला हरकत नव्हती, पण त्यावरून बाकीच्यांची निघतील.

बाहत्तरच्या दुष्काळाआधीचा हिवाळा होता. मी नवा फौजदार, पारनेर तालुक्यातल्या एका ठाण्यावर दोन महिन्यांपूर्वी रुजू झालेला. ठाणं म्हणजे तीन खोल्या, एक कोठडी आणि मुद्देमालाची एक अंधारी खोली. सकाळी हजेरी, मग स्टेशन डायरी, मग समन्स-वॉरंटं. गुन्हे म्हणजे बांधावरची भांडणं, शेळ्यांच्या चोऱ्या आणि हातभट्ट्या. नाव व्हावं असं काहीच हाती लागत नव्हतं आणि मला नाव व्हायची घाई होती.

अशात स्टँडवरच्या हॉटेलवाल्यानं खबर दिली. तो आमचा जुना खबऱ्या.

"साहेब, नगरच्या त्या मास्तरची गाडी दर रविवारी येती. शेहरातली मान्सं पडकी देवळं बघाया येत्यात म्हनं. गाडी गेली की एखादा देव कमी हुतो."

"तू पाहिलंस?"

"म्या न्हाई पायलं. पर देवाला काय पाय फुटत्यात का?"

हे मास्तर म्हणजे चित्रकलेचे निवृत्त शिक्षक. भाड्याच्या जुन्या स्टेशनवॅगनमधून सात-आठ जणांना घेऊन ते एका दिवसाची सहल काढत. सकाळी पडकं देऊळ आणि त्याची पायऱ्यांची विहीर, म्हणजे बारव, दुपारी घोंगडी विणणाऱ्यांचं गाव, शेवटी पाथरवटांची वस्ती. मी साध्या वेशात त्यांच्या सहलीला जायचं ठरवलं. आमचे हवालदार वयानं मोठे, वडिलांसारखे. ते म्हणाले, "साहेब, त्यापरीस आधी गावात विचारू. गावाला समदं ठावं असतं." मी म्हणालो, "गावाला विचारलं की गाव सावध होतं." हे वाक्य मला तेव्हा फार हुशारीचं वाटलं होतं.

रविवारी नगरला गाडीत बसलो. पुण्याचं एक जोडपं, एक म्हातारे डॉक्टर, कॉलेजातल्या दोन मुली आणि मी. शाळामास्तर आहे असं सांगितलं.

"विषय कोणता?" मास्तरांनी विचारलं.

"गणित."

"मग आज मोजायचं नाही. आज नुसतं बघायचं."

खरं सांगतो, देवळात मी काही वेळ काम विसरलो होतो. माळावर काळ्या दगडाचं ते देऊळ, शिखर गेलेलं, अर्धा मंडप उभा. मास्तरांनी खिशातून पोस्टकार्ड काढून दोन दगडांच्या सांध्यात घालायला लावलं. गेलं नाही. चुना नाही, काही नाही, नुसता दगडावर दगड. डॉक्टर म्हणाले, "आमच्या बंगल्याच्या भिंतीत मांजर जातं." सगळे हसले.

मग मास्तर एका कोनाड्यापाशी आले आणि बोलता बोलता थांबले. कोनाडा रिकामा होता.

"गेल्या खेपेला इथं एक मुखडा होता," ते म्हणाले. "स्त्रीचा. नाक फुटलेलं, मुकुटाचा एक टवका गेलेला. पण ओठ असे, की आत्ता काहीतरी बोलेल." आणि बराच वेळ ते त्या कोनाड्याकडे बघत राहिले. मी मनात म्हटलं, नाटक छान वठवतोय.

दुपारी सनगरांच्या गावात मागावरची घोंगडी पाहिली. चिंचोक्याच्या खळीचा वास सगळ्या गल्लीला होता. माझं लक्ष मास्तरांवर. ते कुणाशी दबक्या आवाजात बोलतात, कुणाला काय देतात, याचीच मी मनात नोंद करत होतो.

चारच्या सुमाराला पाथरवटांच्या वस्तीवर पोहोचलो. ही माणसं जाती, पाटे, वरवंटे घडवणारी आणि गावोगाव फिरून त्यांना टाकी लावणारी, म्हणजे झिजलेल्या दगडावर छिन्नीनं पुन्हा ठिपके पाडून देणारी. एका छपराखाली पस्तिशीचा एक पाथरवट बसला होता. बोलणं कमी. त्याची आई मात्र दोघांचं बोलत होती. तिनं मला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं.

"ह्यो मास्तर न्हाई."

"का हो आजी?" एका मुलीनं विचारलं.

"मास्तरचे बूट एवढे चकाकत्यात व्हय?"

सगळे हसले, मीही हसलो. आमचे हे मास्तर माझ्या बुटांकडे बघून नुसते हं म्हणाले.

तेवढ्यात मला छपराच्या कोपऱ्यात गोणपाट दिसलं. त्याखालून दगडाचा मुकुट डोकावत होता, एका बाजूला टवका गेलेला. मी गोणपाट उचललं. नाक फुटलेलं. ओठ मास्तरांनी सांगितले तसेच.

पाथरवट चटकन उठला आणि त्यानं ते झाकलं. "त्ये इकायचं न्हाई," एवढंच म्हणाला. त्याची आई एकदम गप्प झाली. मला आणखी काय हवं होतं?

सोमवारी सकाळी दोन पंच घेऊन वस्तीवर गेलो. मुखडा जप्त केला. पंचनामा मी स्वतः लिहिला, मोठ्या बारकाईनं: नाक फुटलेले, मुकुट भंगलेला, डावा कान काळाने झिजलेला. पाथरवटाला आणि मास्तरांना चौकशीसाठी ठाण्यात आणलं.

मास्तरांना मी खुर्ची दिली, चहा मागवला. पाथरवटाला फरशीवर बसवलं. हे मला कुणी शिकवलं नव्हतं. आपोआप झालं.

मास्तर म्हणाले, "फौजदारसाहेब, हे जुनं नाही. याच्या हातचं आहे. मला याचा हात ओळखू येतो. आणि तुम्ही पोलीस आहात हे मला बुटांवरून कळलं होतं. लपवायचं असतं तर तुम्हाला त्या वस्तीवर नेलं असतं का?"

मी लगेच मास्तरांना दुसऱ्या खोलीत पाठवलं.

"देवळातून कधी आणलास?" मी पाथरवटाला विचारलं.

"आनला न्हाई. म्याच क्येलाय."

"तू? पाट्याला टाकी मारणारा तू हे करणार?"

"व्हय."

"मग नाक फुटलेलं का केलंस? कुणी फुटकी मूर्ती घडवतं का?"

"त्याचं नाक कसं हुतं मला काय ठावं? माज्या मनानं लावलं असतं तर त्यो मुखडा माजा झाला असता. जसा दिसला तसा क्येला. जुन्या मानसानं टाकी कशी चालीवली ते हाताला कळावं म्हून."

आज हे वाक्य मला त्या सगळ्या प्रकरणातलं सर्वात खरं वाक्य वाटतं. त्या दिवशी वाटलं, हे मास्तरांनी पढवलेलं आहे.

"मग झाकत का होतास?"

"भंगल्याला घरात ठेवत न्हाईत. आई कावती. वस्तीवाली बी म्हनत्यात, ह्यो फुटका देव घडीवतुया, इपरीत हुईल." मग मान वर करून म्हणाला, "साहेब, टाकी-हातोडा द्या. हितं दगुड द्या. करून दावतो."

हवालदार दारात उभे होते. म्हणाले, "द्या की साहेब. बघू तर."

किती साधी गोष्ट होती! एक दगड, एक टाकी, अर्धा तास. पण आरोपीच्या हाती लोखंडी हत्यार द्यायचं नाही हा नियम मला तोंडपाठ होता. शिवाय हवालदारानं सगळ्यांसमोर मला सुचवावं हे सहन झालं नाही. मी त्यांना बाहेर जायला सांगितलं.

पुढचं थोडक्यात लिहितो, पण लिहितो. मी त्याला उजवा हात टेबलावर ठेवायला लावला आणि रूळ घेतला. रूळ माझ्या हातात होता, कुणा शिपायाच्या नाही. "कुठून आणलास" असं तीनदा विचारलं. तिन्ही वेळा तो "म्याच क्येलाय" म्हणाला. तिसऱ्या वेळी काहीतरी मोडल्याचा आवाज मला ऐकू आला. त्यालाही आला. त्यानं माझ्याकडे पाहिलं नाही, हाताकडे पाहिलं.

मंगळवारी दुपारी त्याची आई डोक्यावर पाटी घेऊन ठाण्यात आली. पाटी तिनं माझ्या टेबलावर आपटली. आत दगड होता. अर्धा नुसता ओबडधोबड, आणि अर्ध्यातून तोच चेहरा बाहेर येत असलेला. तेच ओठ. नाक फुटलेलंच घडवलेलं. टाकीच्या घावांत पांढरी भुकटी अजून तशीच.

"ह्याला बी धरा," ती म्हणाली. "ह्यो बी चोरीचा हाय. आर्दाच चोरलाय."

हवालदारांनी तिला पाणी दिलं आणि सहज विचारावं तसं विचारलं, "आजी, मग देवळातला मुखडा कुटं गेला?"

"बारवंत. गावानं सोडला. फुटका देव, त्याचे शेहरातली मान्सं फोटू काडत्यात, बरं दिसतं व्हय त्ये? भंगल्याला पान्यात सोडत्यात. समद्या गावाला ठावं हाय."

"मग सांगितलं का नाही?" मी विचारलं.

"इचारलं कुनी?"

हवालदारांनी पोहणारे दोन गडी घेतले आणि दिवस मावळायच्या आत बारवेतून तो मुखडा काढला. त्याच्या आधी सोडलेली आणखी दोन शिल्पं निघाली. खबऱ्याची बातमी खरी होती: देव कमी होत होते. चोर मात्र कुणीच नव्हता.

पाथरवटाला सोडलं तेव्हा त्याचा हात सुजून निळा पडला होता. नियमाप्रमाणे डायरीत नोंद करावी लागते. मी लिहिलं: सदर इसम बारवेच्या पायऱ्यांवरून घसरून त्याच्या उजव्या हातास इजा झाली. तो बारवेवर गेलाच नव्हता. त्यावर त्याचा अंगठा घेतला. पुरुषाचा डावा अंगठा घेण्याची रीत आहे, त्यामुळे उजव्या हाताची अडचण आली नाही. वाचून दाखवलं नाही. हवालदारांनी शाईचा पॅड पुढे केला तो तोंड फिरवून.

आठवड्यानं वरिष्ठांचं पत्र आलं. तीन प्राचीन शिल्पं शिताफीनं हस्तगत केल्याबद्दल माझं कौतुक होतं. माझ्या सेवापुस्तकातला तो पहिला चांगला शेरा. मास्तरांनी सहली बंद केल्या. मारहाणीबद्दल त्यांनी वर अर्ज केला होता. डायरीतल्या त्या नोंदीच्या आधारानं तो निकाली निघाला.

बारवेतली शिल्पं सरकारजमा झाली. पाथरवटाचा मुखडा त्याला परत द्यायला हवा होता. पण परत करायचा तर ‘सदर वस्तू इसमाने स्वतः घडविलेली’ असं लिहावं लागलं असतं, आणि मग मारलं कशाला, हा प्रश्न आला असता. बदली झाली तेव्हा मी तो मुद्देमालाच्या यादीतून ‘निरुपयोगी दगड’ म्हणून कमी केला आणि माझ्या ट्रंकेत टाकला. तेहतीस वर्षं तो माझ्याबरोबर जिल्हे फिरला. पत्नी प्रत्येक घरी म्हणायची, "भंगलेली मूर्ती घरात नको, विसर्जन करा." मी म्हणायचो, करतो. करू शकलो नाही. तो भंगलेला नाही, हे मला ठाऊक होतं, आणि तिला ते सांगायचं म्हणजे सगळंच सांगावं लागलं असतं.

पुढं माझ्या हाताखाली आलेल्या नव्या फौजदारांना मी एक गोष्ट सांगत असे: समोरचा ‘करून दाखवतो’ म्हणाला तर आधी करून दाखवू द्या. कुठून शिकलो, ते कधी सांगितलं नाही. म्हणजे शिकवणही मी चोरूनच वापरली.

निवृत्तीनंतर गेल्या महिन्यात तो मुखडा पिशवीत घालून वस्तीवर गेलो. म्हातारी केव्हाच गेली होती. पाथरवट अंगणात बसून डाव्या हातानं एका पाट्याला टाकी लावत होता. नुसते ठिपके. उजव्या हाताची दोन बोटं सरळ, न मिटणारी. त्या हातानं पाटा फक्त दाबून धरला होता. त्यानं मला ओळखलं. सुनेला म्हणाला, "च्या टाक."

मी माफीचे शब्द जुळवून गेलो होतो. ते बोललोही. बोलताना ते पंचनाम्यासारखे वाटले. त्यानं ऐकून घेतलं. ‘असू द्या’ म्हणाला नाही, आणि त्यानं तसं म्हणावं अशी अपेक्षा करायचा मला अधिकार नव्हता.

मी पिशवीतून मुखडा काढून त्याच्यासमोर ठेवला.

"अंगठा कुटं द्यायचा?" त्यानं डावा हात पुढे करत विचारलं. टोमणा नव्हता. पोलिसाकडून वस्तू घ्यायची म्हणजे अंगठा द्यावा लागतो, एवढंच त्याला माहीत होतं.

"नको," मी म्हणालो.

मग त्यानं मुखडा मांडीवर घेतला, फिरवला, आणि डाव्या बाजूवर अंगठा टेकवून तिथंच थांबला.

"ह्यो कान राह्यला हुता," तो म्हणाला. "सोमवारी सकाळी करायचा हुता. तुमी आलात."

मी वाकून पाहिलं. झिजून गुळगुळीत झालेला नव्हताच तो. टाकीचे पहिले चार घाव तेवढे होते, ताजे असावेत तसे. तेहतीस वर्षं तो दगड माझ्या घरात होता. त्याआधी एक सकाळभर तो माझ्यासमोर, उजेडात होता, आणि मी हातात पेन घेऊन त्याच्याकडे बघत बसलो होतो. मास्तरांनी आदल्याच दिवशी मला नुसतं बघायला सांगितलं होतं.

"पंचनाम्यात मी ‘झिजलेला’ लिहिलं होतं," मी म्हणालो.

त्यानं मान हलवली, मुखडा उचलून छपराखाली नेऊन ठेवला, गोणपाट न घालता, आणि पुन्हा पाट्यापाशी येऊन बसला.