नारूच्या गावचा पेपरवाला

झुलालनाना संशयी होते हे सांगणं म्हणजे मिरची तिखट असते हे सांगण्यासारखं आहे. दूधवाल्याने दुधात पाणी घातलं तर ते चिडत, आणि नाही घातलं तर का नाही घातलं म्हणून अस्वस्थ होत. जांभुळखेड्याची पोलीस पाटीलकी त्यांच्याकडे होती आणि साक्री तालुक्यात इतका चौकस पाटील दुसरा नव्हता. तेव्हा १९६५च्या उन्हाळ्यात जीवराम बोंडे नावाचा माणूस वळकटी घेऊन एसटीतून उतरला आणि "मी आता इथंच राहणार" म्हणाला, त्या दिवशी नानांना जेवण गेलं नाही यात नवल नाही.

नानांनी त्याला लगेच ओळखलं. दोन वर्षांपूर्वी हाच माणूस जळगावच्या एका साप्ताहिकाचा बातमीदार म्हणून आला होता. गावच्या पायविहिरीच्या पायऱ्यांवर बसून त्याने दिवसभर बायकांना पाणी भरताना पाहिलं. बायका घोट्याघोट्याएवढ्या पाण्यात उतरत, त्याच पाण्यात घागर बुडवत, आणि वर्षाकाठी कुणाच्या ना कुणाच्या पायातून नारू निघे. पांढरा, दोऱ्यासारखा किडा. तो काडीला गुंडाळून रोज थोडा थोडा ओढायचा, तुटला तर पाय सुजून माणूस महिनोन् महिने खाटेवर. जीवरामने हे सगळं छापलं. गावाचं नाव ठळक घातलं, वर मथळा दिला : 'नारूचं गाव'. त्यात एक अक्षर खोटं नव्हतं, आणि तिथेच तर सगळं बिघडलं.

असोद्याच्या केळीवाल्या घरात वाढलेल्या, मॅट्रिक झालेल्या जीवरामला वाटलं, बातमी आली की सरकार धावेल. सरकार काही धावलं नाही. धावले ते सोयरे. नानांच्या कुंदाचा साखरपुडा चाळीसगावला झाला होता, तिथून माणूस आला आणि ओट्यावर न बसताच म्हणाला की आम्हाला चालती-फिरती सून हवी. त्या साली गावातल्या कितीतरी सोयरिकी मोडल्या. पोरी घरात राहिल्या, पोरांना कुणी मुलगी देईना. जांभुळखेडे म्हटलं की बाजारात लोक आधी पायाकडे पाहू लागले.

"तूच ना रे तो पेपरवाला?" नानांनी पारावरून विचारलं. "मनी पोरनी सोयरीक तूच मोडी."

"हो नाना, तोच मी."

त्याने नाकारलं असतं तर नानांना बरं वाटलं असतं. सरळ कबूल करणारा माणूस त्यांना जास्त धोक्याचा वाटे. जीवराम म्हणाला की मागच्या महिन्यात तो सहज पुन्हा आला होता, बातमीनंतर काय झालं ते पाहायला, आणि लोक शाबासकी देतील असं त्याला वाटलं होतं. स्टँडवर नानांच्या घरधनीण शेवंताबाईंनी त्याला गाठलं आणि असं धुतलं की तो परतीच्या गाडीत बसेपर्यंत मान वर करू शकला नाही. जळगावला जाऊन त्याने नोकरी सोडली. आता ती विहीर नीट करून दिल्याशिवाय तो जाणार नव्हता.

"आते काय लिखाले ऊना तो?" शेवंताबाईंनी चुलीपाशी विचारलं.

"लिखाना इचार नही म्हनस," नाना म्हणाले. "मंग त्याले काय भेटस? काही भेटाशिवाय मानूस कोनाकरता मरत नही."

मग नाना कामाला लागले. जीवराम भिलाटीत, भिल्लांच्या वस्तीत, एका पडक्या खोपटात राहिला, म्हणजे दारूचा धंदा असणार. तो घरोघर जाऊन माणसं किती ते विचारतो, म्हणजे नसबंदीवाल्यांचा दलाल असणार. साक्रीच्या बाजारात नाना त्याच्या मागावर गेले, तर तो दलिचंदच्या दुकानातून मांजरपाटाचे तागे घेत होता. तो गेल्यावर नाना गादीवर टेकले.

"पाणी गाळायला घेतो म्हणतो," दलिचंद म्हणाला. "पाटील, तीस वर्षं कापड विकतोय. हा माणूस भावच करत नाही. भाव न करणाऱ्याचं मला भय वाटतं."

नानांना अगदी आपल्या मनातलं कुणी बोलल्यासारखं झालं. दोघांनी चहा घेतला आणि माणूस निवडणुकीला उभा राहणार, असा निकाल दिला.

जीवरामचं म्हणणं साधं होतं. धुळ्याच्या डॉक्टरांकडून तो ते समजून आला होता. नारूवाला पाय पाण्यात गेला की पाणी बिघडतं, ते पिणाऱ्याला पुढच्या साली नारू होतो. तेव्हा पायऱ्या भिंत घालून बंद करा आणि वरून रहाटाने पाणी काढा. गावाला हे पटण्यासारखं नव्हतं, कारण खालच्या पायरीवर सात आसरांचे शेंदूर लावलेले दगड होते. पाण्यातल्या देवींना कोंडायचं म्हणजे काय! जीवरामने त्यावर वाद घातला नाही. आसरांना हळदीकुंकू, खण-नारळ करून वाजतगाजत वर आणू, काठावर ओटा बांधू, म्हणाला. नानांनी परवानगी दिली. पटलं म्हणून नव्हे. नाही म्हटलं तर हा पुन्हा छापेल, ही धास्ती.

हिवाळ्यात भिंत उभी राहिली. रहाट बसला. आणि उन्हाळा लागताच पुन्हा नारू निघायला लागले, तेही पूर्वीइतकेच.

"हा मागच्या वर्षीच्या पाण्याचा आहे," जीवराम दारोदार सांगत फिरला. "किडा वर्षभर अंगात असतो. यंदाच्या पाण्याचा गुण पुढल्या साली दिसेल. एक वर्ष थांबा."

कोण थांबतो! आसरा कोपल्या, असं सगळ्यांनी ठरवलं. नानांना तर आनंदच झाला, कारण संशय खरा ठरण्यासारखं सुख नाही. त्यांनी चुलतभाऊ भटू आणि चार गडी बरोबर घेतले, पहार हातात घेतली आणि पहिला घाव स्वतः घातला. जीवराम काठावर उभा होता. त्याने अडवलं नाही, हातही जोडले नाहीत. नुसता पाहत राहिला, आणि त्याचे डोळे भरलेले नानांनी पाहिले. नाटक्या, असं ते मनात म्हणाले. दुसऱ्या दिवशी बायका पायऱ्या उतरून पुन्हा पाण्यात शिरल्या.

पुढल्या उन्हाळ्याच्या तोंडाशी गावात नारू जवळजवळ दिसेना. भिंत होती त्या महिन्यांतलं पाणी प्यालेले लोक सुटले होते. लोक म्हणाले, बघा, भिंत फोडली आणि आसरा शांत झाल्या. नानांनी मिशीवरून हात फिरवला. मग ऐन वैशाखात, भिंत फुटल्यानंतरच्या पाण्याचा हिशेब पुरा झाला, तसे पाय सुजू लागले. जीवरामच्या दोन्ही पायांतून नारू निघाला, तोही घरोघर देतील ते पाणी पीत होता. सोंग असेल म्हणून नाना खात्री करायला खोपटात गेले. जीवराम भिंतीला टेकून बसला होता, काडीला गुंडाळलेला किडा पोटरीवर बांधलेला. नानांनी वाकून पाहिलं. सोंग नव्हतं.

घरी आले तर कुंदा ओसरीवर पाय धरून बसलेली. तिच्या गुडघ्याच्या मागे फोड आला होता. लहानपणी एकदा निघाला होता, हा दुसरा.

"नाना," ती म्हणाली, आवाज न चढवता, "भिंत तुम्हीन फोडी. तेना नंतरनं पानी मी पिनू."

नानांनी आयुष्यात पुष्कळ जबाब घेतले होते, पण असा कधी ऐकला नव्हता. त्या रात्री त्यांना झोप आली नाही आणि लाजेने त्यांचं अंग जळत राहिलं. कुंदाचा नारू ओढताना तुटला. गुडघा आखडला तो आखडलाच.

महिन्याभरात भिंत पुन्हा उभी राहिली. नानांनीच बांधवली. का, म्हणून भटूने विचारलं तर म्हणाले, "गुरं पडतंस इहीरमा." गावात गेल्या शंभर वर्षांत एकही जनावर विहिरीत पडलं नव्हतं, पण पाटलाला कोण विचारणार!

वर्षाने नारू कमी झाला, आणखी वर्षाने गेला. जीवराम आता शेजारच्या गावांना जाई, लंगडत. तिथेही विहिरी बांधवी, शिव्या खाई, बायकांना फडक्यातून पाणी गाळायला लावी. लोक त्याला आबा म्हणू लागले. नाना मात्र अजून 'तो' म्हणत. भिंतीचं खरं निघालं, कबूल. पण म्हणून माणूस खरा कसा?

त्यातच एक नवी भानगड त्यांच्या नजरेला आली. जीवराम अधूनमधून पहाटेच्या गाडीने चाळीसगावला जायचा, आणि जाताना विहिरीचं पाणी एका बाटलीत भरून, ओल्या फडक्यात गुंडाळून न्यायचा. कोर्टात दाखवायला नेतो? सरकारी तपासणीला? पुन्हा पेपरात? कंडक्टरला विचारलं, तर तो म्हणाला, बाटलीला कुणाला हात लावू देत नाही. बरीच वर्षं नानांनी ही बाटली मनात ठेवली.

उलगडा झाला तो चाळीसगावहून पाहुणे आले तेव्हा. ते जुने सोयरे नव्हते, दुसरं घर होतं. मुलगा रेल्वेत खलाशी, पहिली बायको बाळंतपणात गेलेली. कुंदाचा पाय अधू आहे, हे त्यांना ठाऊक होतं. नानांनी पाण्याचे तांबे पुढे केले आणि सवयीने ते त्यांच्या हातांकडे पाहत राहिले, कारण या गावचं पाणी पाहुणे हातात धरून नुसते बसत.

मुलाच्या म्हाताऱ्या बापाने गटागटा तांब्या रिकामा केला.

"भिऊ नका पाटील," तो मिशा पुसत म्हणाला. "तुमच्या गावचं पाणी आमच्या आळीला नवं नाही. तुमचा तो लंगडा पेपरवाला पोरी-पोरांची स्थळं असलेल्या ओट्या-ओट्यावर यायचा. बाटली काढायचा, म्हणायचा, हे जांभुळखेड्याचं पाणी, आणि आमच्यादेखत पिऊन दाखवायचा. मग सांगायचा, मी पुढल्या साली येईन, माझे पाय तपासा. आणि खरंच यायचा हो! धोतर वर करून उभा राहायचा. आमच्या बायका हसायच्या. पण तीन साल पाय पाहिल्यावर कोण हसेल?"

नाना तिथून उठले आणि थेट खोपटाकडे गेले. जीवराम मांजरपाटाचे तुकडे फाडत बसला होता. नानांना पुष्कळ बोलायचं होतं. पण सवय जाता जात नाही.

"ती बाटली धुयेल ऱ्हाये का?" त्यांनी विचारलं.

"उकळत्या पाण्यानं, नाना."

"मंग ठीक शे," नाना म्हणाले आणि परत आले. कुंदाचं लग्न त्या चैत्रात झालं.

जीवराम गेला तो १९७७च्या श्रावणात, नागपंचमीनंतरच्या रविवारी. दोन दिवसांचा ताप होता. असोद्याला त्याचं कुणी उरलं नव्हतं. आई वारल्यावर ते दार बंद झालं होतं. भिलाटीतून सकाळी निरोप आला तेव्हा नानांच्या घरी कानबाई देवीच्या नैवेद्याच्या रोटांची घाई होती. खानदेशात हा दिवस भाऊबंदांचा. घरातल्या माणसामाणसाच्या नावाने सव्वा-सव्वा मूठ गहू घेऊन दळायचे, त्याचे रोट करायचे, आणि ते गोताबाहेर कुणाला द्यायचे नाहीत. लग्न झालेल्या लेकीलाही नाही. नानांच्या घराण्यात आणखी एक कडक रीत होती. या दिवशी गोतात कुणी गेलं तर रोट मोडत, आणि पुढे याच दिवशी घरात मूल जन्मेपर्यंत ते पुन्हा होत नसत. कधीकधी एक पिढी जाई.

पण हा गोतातला नव्हताच. सगळ्यांना वाईट वाटलं. भटू म्हणाला की रोट उरकून घेऊ, मग सगळे मिळून आबाला पोचवू.

"चूल इझाडा," नाना म्हणाले.

कुणाला ऐकू आलं नाही असं वाटून ते पुन्हा बोलले. "चूल इझाडी टाका. आमले सुतक शे."

"नाना, तो आपला कोन?" भटू ओरडला. "ना गोतना, ना गावना! आज रोट मोडा तं परत कधळ व्हतीन?"

शेवंताबाईंनी एकदा नवऱ्याकडे पाहिलं आणि तांब्याभर पाणी चुलीत ओतलं. धूर घरभर झाला. नाना बाहेर आले, विहिरीपाशी दगडावर बसले आणि न्हाव्याला बोलावणं धाडलं. न्हावी धोपटी घेऊन पळत आला, पाटलाने पागोटं उतरवलेलं पाहून घाबरला.

"नाना, कोन गया?"

"मना भाऊ गया," नाना म्हणाले, आणि डोकं पुढे केलं. मग ते ढसाढसा रडले.

वस्तरा अर्ध्यावर आला असेल, तेव्हा भटू आला. तो अजून रागातच होता, पण त्याने टोपी काढली आणि नानांच्या मागे आपल्या पाळीची वाट पाहत बसला.