गेमच्या साईटवर माझा वाढदिवस

आज कोपरखैरण्याच्या आमच्या शाळेत, माझ्या कॉम्प्युटरच्या तासाला, आठवीतली सानिका गेम खेळताना सापडली. शाळेच्या नेटवर्कवर गेम बंद आहेत. हिची साईट गणिताच्या सरावाचं नाव लावून त्या बंदीतून सुटली होती.

स्क्रीनवर माझं नाव होतं. खाली माझा मोबाईल नंबर आणि जन्मतारीख.

"हे काय गं?"

"मॅडम, त्याशिवाय गेम चालू होत नाही. स्वतःची माहिती द्यायची नाही, असं तुम्हीच शिकवलंत ना?"

"म्हणून माझी दिलीस?"

"मी एकटीने नाही, अख्ख्या वर्गाने. तुमचा नंबर आणि बर्थडे सगळ्यांना पाठ आहे."

माझा नंबर आता कुठे पोहोचलाय, मला माहीत नाही. पण माझा कुठलाच धडा मुलांनी इतका चोख पाळला नव्हता.

दुसऱ्याचीही माहिती द्यायची नसते, हे शिकवायचं राहिलं. तुमचं काय शिकवायचं राहिलंय?