डाव्या हाताची ताकातली बिस्किटं

नवीन पनवेलमधल्या आमच्या इमारतीत, पहिल्या मजल्यावर आशालता गुप्ते राहतात. वय एकोणसत्तर. टेलिफोन एक्स्चेंजमध्ये एकतीस वर्षं नोकरी केली. नवरा लवकर गेला, तरी मुलाला इंजिनिअर केलं. कुणी ‘बिचारी’ म्हटलं की त्या माणसाशी बोलणंच सोडायच्या. मागच्या जानेवारीत त्यांना अर्धांगवायूचा झटका आला. पाय सावरला, बोलणं जरा जड झालं, उजवा हात मात्र गेला तो गेलाच.

मुलगा निनाद पुण्याहून आला. वाईट नाही, घाबरट आहे. आई एका हाताने गॅस पेटवतेय हे पाहून त्याने सिलिंडर उचलून थेट आमच्या घरात आणून ठेवला, दोन वेळचा डबा लावला आणि जवळच्या विचुंबे गावातल्या कमळाबाईंना दिवसभरासाठी कामावर ठेवलं. जाताना त्यांना बजावलं, “आईला ओट्याजवळ जाऊ द्यायचं नाही.”

दोन महिने आशालताबाईंनी डब्यातली पातळ आमटी खाल्ली. मध्ये एकदा कणीक मळायला बसल्या, तर परात फरशीभर गरागरा फिरली. त्या दिवशी त्या रडल्या, असं कमळाबाईंनी मला हळूच सांगितलं.

मग एप्रिलमध्ये एका सकाळी त्या म्हणाल्या, “कमळाबाई, कपाटावरचा ओव्हन खाली काढा.”

निवृत्तीच्या वेळी ऑफिसातल्या लोकांनी दिलेला विजेवरचा छोटा ओव्हन. सिलिंडर नेताना निनादचं तिकडे लक्षच गेलं नव्हतं.

“सायबांनी नको सांगितलंय, बाई. मला बोलतील.”

“साहेब पुण्यात आहेत. ओव्हन माझा आहे.”

त्यांना आठवली होती ती चारुता, त्यांची अमेरिकेतली भाची. तीन वर्षांपूर्वी ती सुट्टीला आली तेव्हा तिने ताकातली बिस्किटं केली होती. चहात बुडवायची आपली बिस्किटं नव्हेत. गुबगुबीत, वरून खरपूस, आत मऊ, खारीसारखे पदर सुटणारी. तेव्हा मळायला सरसावलेल्या मावशीचा हात तिने धरला होता. “मावशी, याला मळायचं नसतं. मळलंस तर बिघडतं.”

न मळता होणारा पदार्थ! एवढं आठवलं आणि आशालताबाई खुर्चीतून उठल्याच.

पहिल्या दिवशी भांडं घसरून मैदा जमिनीवर सांडला. दुसऱ्या दिवशी बिस्किटं फुगलीच नाहीत, त्यांचे दगड झाले; ट्रे काढताना मनगटाला चटका बसला तो वेगळाच. तिसऱ्या दिवशी त्यांनी भांड्याखाली ओलं फडकं घातलं आणि लुळा उजवा हात डाव्या हाताने उचलून भांड्याच्या काठावर ठेवला, वजन म्हणून. मैद्यात बेकिंग पावडर, चिमूटभर सोडा, मीठ. थंडगार लोण्याचे सुरीने तुकडे करून बोटांच्या टोकांनी मैद्यात चुरले. वर कमळाबाईंच्या जावेच्या म्हशीचं आंबट ताक. जेमतेम गोळा झाला की थापायचा, घडी घालायची, पुन्हा थापायचा, स्टीलच्या पेल्याने गोल कापायचे. पंधरा मिनिटांत घरभर वास.

“ट्रे मी काढनार,” कमळाबाई आडव्या उभ्या राहिल्या. “तेवढं तुमचं आयकायची नाय.”

आशालताबाईंनी एवढीच एक गोष्ट मान्य केली. बिस्किटं फुगली होती. एक त्यांनी उभ्याउभ्याच खाल्लं, दुसरं कमळाबाईंच्या हातावर ठेवलं.

शनिवारी निनाद न कळवता आला. मी घरून चहा घेऊन तिथेच बसले होते. त्याने आईच्या मनगटावरचा लाल चट्टा पाहिला, ओव्हन पाहिला आणि कमळाबाईंवर आवाज चढवला. “उद्यापासून येऊ नका तुम्ही.”

“त्या येतील,” आशालताबाई म्हणाल्या. एकेक शब्द सावकाश, पण स्पष्ट. “पगार माझ्या पेन्शनमधून जातो.”

“आई, भाजली असतीस तर?”

“भाजलेच की. तीस वर्षं फोडण्या घालताना भाजतेय. तेव्हा तुला कधी दिसलं नाही.”

निनाद खाली बसला. बॅगेतून त्याने एक छापील अर्ज काढला. पुण्याजवळचा वृद्धाश्रम, खोली चांगली, नर्स चोवीस तास. त्याने पेन पुढे केलं. “फक्त सही कर. मला तिकडे झोप लागत नाही गं.”

ते खरं होतं. त्याच्या डोळ्यांखाली काळं दिसत होतं. आशालताबाईंनी क्षणभर त्याच्याकडे पाहिलं, पेन डाव्या हातात घेतलं आणि सहीच्या जागी पहिलीतल्या मुलासारख्या वाकड्या, मोठ्या अक्षरांत लिहिलं: नाही.

“आता खा. गार झाल्यावर मजा नाही.”

त्याने खाल्लं नाही. तडक निघून गेला. पंधरा दिवस फोनही केला नाही. मी म्हटलं, तुम्हीच करा की. “मी काय चूक केली?” त्यांनी विचारलं.

शेवटी त्याचाच फोन आला. वाद संपला नाही, अजूनही रविवारी चालतो. पण मे महिन्यात त्याने धूर झाला की वाजणारी घंटा पाठवली आणि उंच खुर्चीही, ओट्याशी बसून काम करता येईल अशी. हात सुधारलेला नाही, पोळ्या डब्यातूनच येतात. हाताचे व्यायाम शिकवायला येणारी कीर्ती म्हणते की असाच हात गेलेल्या तिच्या दुसऱ्या एका रुग्णाने महिनाभर घराबाहेर पाऊल टाकलेलं नाही. उद्या आशालताबाई बिस्किटांचा डबा घेऊन रिक्षाने त्या रुग्णाच्या घरी जाणार आहेत. निनादला विचारलेलं नाही.