विहिरीची वाट

सही थरथरते म्हणून परवा बँकेने माझा अंगठा घेतला. शाईचा तो कडवट वास आला आणि साठ सालची यवतमाळची कचेरी आठवली.

मी नवा वकील होतो. कळंबकडच्या तांड्यातल्या झमकुबाईचा दावा माझा पहिलाच. शेजारच्या शेतमालकाने तांड्याच्या विहिरीची वाट काटे टाकून बंद केली होती. दावा सुनावणीआधीच फेटाळला गेला, कारण मजकूर खरा असल्याच्या ओळीखाली तिचा अंगठा घ्यायला मी विसरलो होतो.

बाहेर कडुनिंबाखाली मी तिला माझी चूक सांगितली. वाटलं, ती रडेल.

"इहीर तं जागेवरच हाय ना?" ती म्हणाली. "मंग दुसरा कागद लिहा."

मी तिथेच लिहिला. तिने प्रत्येक पानावर अंगठा दाबला, नको तिथेही.

"निकालापर्यंत त्या वाटेनं जाऊ नका," मी घाबरून म्हणालो. त्याची आज लाज वाटते.

"काहून? तहान का निकालासाठी थांबते, वकीलसाहेब?"

दुसऱ्या सकाळी काटे बाजूला सारून ती घागर घेऊन निघाली. मागून तांड्यातल्या सगळ्या बाया निघाल्या. दावा आम्ही दोन वर्षांनी जिंकलो. तोवर त्या वाटेवर गवताची काडी उगवली नव्हती.