साहेबांची दाढी

खुर्चीत बसले की साहेब आधी आरशात हनुवटी डावीकडे वळवायचे, मग उजवीकडे. "कुणाच्या लक्षात राहील का रे हा चेहरा?" मी नाही म्हटलं की खूश. "शाब्बास! त्याच्यावरच तर पोट भरलं माझं."

बोलायचे इंग्रजीत, मी आपलं माझ्या मराठीत सांगतोय. इथे आखातात, अल् घुब्रातल्या आमच्या सलूनमध्ये एक शनिवार सोडून दुसऱ्या शनिवारी, दहाच्या ठोक्याला हजर. विलायतेत जन्मभर नाटक-सिनेमात कामं केली, पण सगळी चिल्लर. बटलर, पाद्री, पहिल्याच प्रवेशात मरणारा शेजारी. तुम्हीही त्यांना कुठेतरी पाहिलं असणार आणि विसरून गेला असणार. बायको गेल्यावर इथे मुलीकडे राहायला आले. ती शाळेत शिकवते.

अभिमान एकाच गोष्टीचा. "माझ्यामुळे एकही शॉट कधी अडला नाही." शंभरदा ऐकलं असेल मी हे. कधी वाटायचं, पुरे की हो आता! एकदा विचारलं, "साहेब, हिरो का नाही झालात?"

"हिरोला वेळेवर येता येत नाही," म्हणाले, आणि तोंडाला फेस असताना असे हसत सुटले की मला वस्तरा बाजूला ठेवावा लागला.

मागच्या हिवाळ्यात आईच्या आजारपणात दीड महिना चिपळूणकडे गावी होतो. ती गेली. तेरावं उरकलं आणि दुसऱ्या दिवशी विमानात बसलो. रडू आलं नव्हतं. परत आलो, एप्रन बांधला, कामाला लागलो. हात चालत होते, मी कुठे होतो देव जाणे.

पहिल्याच शनिवारी साहेब आले. छातीपर्यंत नाही, पण चांगली भरघोस पांढरी दाढी. माझं तुळतुळीत डोकं बघून म्हणाले, "अरे वा! तुलाही काम मिळालं?"

"आई गेली, साहेब."

त्यांनी माझा हात दोन्ही हातांत घेतला. मग बसले, हळूच सांगितलं. बाहेरून सिनेमाचं युनिट आलंय, त्यात म्हाताऱ्या जहाजी डॉक्टरचं काम मिळालंय. सात वाक्यं! आयुष्यात इतकी कधी मिळाली नव्हती. तीन झाली, चार सोमवारी. "मानेवरचे केस तेवढे काढ. दाढीला हात लावू नकोस." आणि डोळे मिटून पडले.

मी ऐकलं होतं. नीट ऐकलं होतं. पण त्या खुर्चीत तो माणूस बसला की दाढी करायची, हे सहा वर्षांचं वळण. भानावर आलो तेव्हा एक गाल साफ झाला होता.

साहेबांनी डोळे उघडले. आरशात पाहिलं. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"आता दुसराही कर," म्हणाले. "अर्ध्या दाढीने घरी कसा जाऊ?"

"मी येतो तुमच्याबरोबर. सांगतो त्यांना, माझी चूक आहे म्हणून."

"तू घरी जा. झोप थोडा."

मी घरी जाऊन झोपलो. खरं तर लाज वाटायला हवी होती. काहीच वाटलं नाही.

मागाहून कानावर आलं, युनिटने दाढी चिकटवून पाहिली, पण जवळून खोटी कळायची. उरलेली चार वाक्यं कापली. साहेब पुढेही ठरल्या शनिवारी येत राहिले. हवापाण्याचं बोलायचे, त्या सोमवारचं कधीच नाही. मीही विषय काढला नाही.

मे महिन्यात झोपेतच गेले. त्यांची मुलगी स्वतः सांगायला सलूनमध्ये आली. मी खुर्चीवरच्या गिऱ्हाइकाला फेस लावत होतो.

"बाबांना इथे यायला आवडायचं," ती म्हणाली. मग जराशी घुटमळली. "त्या दाढीचं मला अजून कोडं आहे. खाजत होती म्हणून मीच काढली, असं त्यांनी युनिटला सांगितलं. कामं मिळवून देणाऱ्या एजंटने यादीतून त्यांचं नावच काढून टाकलं, बेजबाबदार माणूस म्हणून. बाबा, आणि बेजबाबदार! का केलं असेल त्यांनी असं? तुमच्याजवळ काही बोलले होते?"

गिऱ्हाईक आरशातून माझ्याकडे बघत होतं.

"नाही, मॅडम," मी म्हणालो.

ती 'थँक यू' म्हणून गेली.