कामरगावची चुन्याची भिंत

भास्कर गेल्याची तार हातात पडली तेव्हा मी त्याच्यावर चिडलेलो होतो. आदल्याच दिवशी कामरगावला त्याचा माहितीपट दाखवायचा होता. 'पुरा झाला, रविवारी येतो' असा निरोप त्यानेच मुंबईहून धाडला होता. गयाबाईने घराच्या भिंतीला चुना मारला, मी कारंज्याहून शाळेचा प्रोजेक्टर एसटीच्या टपावर चढवून नेला, आणि दिवस मावळल्यावर सारी वस्ती त्या कोऱ्या भिंतीकडे तोंड करून बसून राहिली. "येईन ना तो, जाते कुठी," गयाबाई म्हणत होती. मी मनातल्या मनात त्याला शिव्या घालत परतलो. दुसऱ्या दिवशी ती तार आली. कावीळ एवढी वाढल्याचं त्याने आम्हाला कळूच दिलं नव्हतं.

आम्ही एका शाळेतले. मी कारंज्यातच मास्तर झालो, तो मुंबईला जाऊन कॅमेरा शिकला. पायाला भिंगरी बांधलेला माणूस. चहासुद्धा उभ्याने प्यायचा. दुष्काळ सरल्यावर तो कामरगावच्या गायरानावर काळवीटं टिपायला आला आणि तिथे त्याला गयाबाई आणि तिचा नवरा किसन भेटले. बौद्ध वस्तीतल्या या भूमिहीन घरांनी मोर्चे काढून, लाठ्या खाऊन गायरानाचा एक तुकडा वहितीला घेतला होता. गवत मोडून ज्वारी पेरली तरच चूल पेटे, आणि गवत मोडलं की हरणं मागे सरत. भास्करला दोन्ही दाखवायचं होतं. मुंबईचे निसर्गप्रेमी म्हणत, मोर्चे गाळा. मोर्चे काढणाऱ्या पक्षाची माणसं म्हणत, हरणं गाळा. "सगळ्यांना अर्धंच पाहिजे," असं पुटपुटत तो अंगणात येरझाऱ्या घाली. त्याच्याकडे पाहून मलाही बसवत नसे. गयाबाई मात्र चिडवायची, "काहून रे भाऊ, खाट चावून राह्यली काय तुले? बस ना."

त्याचा एक नियम होता. ज्यांचं चित्र, त्यांनी ते आधी पाहायचं, आणि ते नको म्हणाले तर कापायचं. विचारायचं मात्र दोनदा. पहिल्यांदा माणूस भिडेखातर बोलतो, असं त्याचं म्हणणं. त्याच्या त्या "नक्की ना? ... नक्की ना?" ची पोरं नक्कल करायची.

पहिला खेळ गयाबाईच्याच भिंतीवर झाला. किसन गवताची शेवटची पट्टी नांगरतो आहे, आणि नांगराच्या तासापलीकडे एक काळवीट उभं आहे. बैल जवळ येतात तरी ते हलत नाही. नांगर वळतो, पुन्हा येतो, ते तिथेच. मी आजवर पाहिलेलं ते सगळ्यात खरं चित्र. मग गयाबाई म्हणाली, "भाऊ, हे काढून टाक. साहेब लोकायनं पायलं त म्हनतीन, यायनंच हरनाची जागा मोडली. आमाले हुसकावून देतीन." आणीबाणीचे दिवस होते, जीपची धूळ दिसली तरी वस्ती चिडीचूप व्हायची. मी भास्करला बाजूला घेऊन म्हटलं, असं दृश्य जन्मात एकदा मिळतं, ऐकू नकोस. त्याने माझ्याकडे पाहिलंही नाही. "नक्की ना?" त्याने तिला विचारलं. "हाव." थोडं थांबून पुन्हा, "नक्की ना?" "हाव, भाऊ." त्याने कात्री घेतली, तुकडा कापला आणि तिच्या हातात दिला. पुढच्या खेपेला मूळ निगेटिव्हचा तुकडाही आणून दिला. दोन्ही तिने चहाच्या डब्यात घालून ठेवले.

त्यानंतर तो जो भटकत राहिला तो राहिलाच. तेच सांगणारं, पण कोणाला न दुखावणारं दुसरं दृश्य त्याला हवं होतं. मेडशीपर्यंत माळ पालथे घातले. काही सापडलं की आधी खूश, मग संध्याकाळी "हे नाही रे." मला त्याचा रागही यायचा आणि कीवही.

तीन आठवड्यांपूर्वी त्याच्या बायकोने फिल्म पाठवून दिली. गयाबाईने पुन्हा चुना मारला. मोर्चे आले, गवत आलं, हरणं आली, नांगर जुंपला गेला... आणि एकदम चित्र गेलं. फीत तुटली समजून मी उठलो, तर आवाज चालू होता. बैलांच्या घंटा, किसनचं हाकारणं. त्या जागी भास्करने कोरी फीत जोडली होती. जेवढा तुकडा कापला तेवढाच वेळ भिंतीवर नुसता उजेड होता आणि सगळे त्याकडे बघत होते. मला रडू आवरलं नाही.

खेळ संपल्यावर गयाबाई आत गेली आणि डबा घेऊन आली. "हे लावा तेथं. जमिनीचा पट्टा त अजून भेटला नाही. पन हे त्याचं हाय, माह्यं नाही." किसन खाली मान घालून बसला होता. माझ्या तोंडून आपसूक निघालं, "नक्की ना?" ती म्हणाली, "हाव." दुसऱ्यांदा विचारायचा मला धीर झाला नाही. तिने नाही म्हटलं तर भास्करचं काम कायमचं अर्धं राहणार होतं, आणि मला ते पुरं व्हायला हवं होतं.

डबा माझ्या टेबलावर आहे. फीत अजून जोडलेली नाही. मुलांच्या वह्या तपासायला बसतो आणि उठून फेऱ्या घालू लागतो. काल कामरगावच्या गाडीच्या कंडक्टरने निरोप आणला, "मास्तर, गयाबाईनं भिंतीले चुना मारला. कवा येता म्हनते." या रविवारी जाईन. डबा बरोबर नेईन. दुसऱ्यांदा विचारायचं राहिलं आहे.