नेव्हिलच्या मावशीचं मांजर

नेव्हिल गेल्याचं त्याच्या मुलीने फोनवर सांगितलं तेव्हा मी नेदरलँड्समधल्या उइटहॉर्नच्या आमच्या घराबाहेर सायकलची चेन बसवत होतो. "बाबा पहाटे गेले, झोपेतच," ती म्हणाली, आणि जरा थांबून, "अंत्यविधीला तुम्ही बोलायचंय. त्यांनी लिहून ठेवलंय... तीन मिनिटं, सेकंदही जास्त नाही." स्वतःच्या अंत्यविधीतही दुसऱ्याची वेळ मोजून देणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही.

आमचा हा इंग्रज शेजारी तरुणपणी तिकडच्या टीव्हीवर निवेदक होता. दोन कार्यक्रमांच्या मध्ये येऊन 'आता पाहू या' म्हणणारा. नाटकांतही कामं केली, बहुतेक बटलरची, पाद्र्याची आणि एकदा प्रेताची. "सगळ्यांत चांगलं परीक्षण प्रेताचं आलं," हे तो दर भेटीत सांगे. डच बायकोसाठी इथे आला, ती गेल्यावरही इथेच राहिला. अभिमान मात्र एकाच गोष्टीचा. एकदा ऐन कार्यक्रमात फिल्म तुटली आणि हातात कागद नसताना हा चार मिनिटं आपल्या मावशीच्या मांजराविषयी बोलत राहिला. "पडदा रिकामा ठेवायचा नाही. समोर कुणीतरी एकटं बसलेलं असतं."

पहिल्या लॉकडाऊनच्या वर्षी आमच्या मंडळाचा गणपती ऑनलाइन बसला. निवेदन नेव्हिलकडे. कुंपणाच्या अलीकडून मी मराठी वाक्यं सांगायचो, पलीकडे तो ती स्टॉपवॉच लावून घोकायचा. ऐन आरतीला आल्मेरेच्या जोशीकाकूंचं इंटरनेट गेलं, आणि गणपती त्यांच्याच घरी. सगळे एकमेकांना "ऐकू येतंय का?" विचारत बसले. तेवढ्यात नेव्हिल म्हणाला, "बाप्पा येत आहेत. तोपर्यंत माझ्या मावशीचं मांजर..." निम्मं मराठी, निम्मं म्यांव. घरी डचमध्येच उत्तर देणारी माझी मुलगी चक्क मराठीत म्हणाली, "आजोबा, मग ते कुठे गेलं?" माझी बायको मेधा माझ्याकडे बघून म्हणाली, "तुला दहा वर्षांत जमलं नाही ते मांजराने केलं."

अंत्यविधीच्या आठवड्यात मलाच कोविड झाला, म्हणून मी घरून, पडद्यावरून बोलणार होतो. माझं नाव पुकारलं आणि माझ्या पडद्यावरचं हॉलमधलं चित्र काळं झालं, हॉलशी संपर्कच तुटला. पण माझ्यासारख्या घरून बघणाऱ्यांना माझा आवाज जात होता. त्यांच्या पडद्यावरच्या चौकोनांत नेव्हिलची धाकटी बहीण एडिथ दिसत होती, इंग्लंडमध्ये, खुर्चीत एकटी. आणि मी, ज्याच्या हातातून लग्नांत माइक काढून घ्यावा लागतो, तो गप्प राहिलो... चित्र परतलं तेव्हा हॉल रिकामा झाला होता.

त्यानंतर तीन आठवडे मला एका जागी बसवेना. घरात येरझाऱ्या घालायचो, भाषण पाठ म्हणायचो, अर्ध्यात सोडायचो. मेधा म्हणाली, "फरशी झिजवू नकोस. ज्या बाईशी बोलायचं राहिलं, तिच्याशी बोल."

काल नेव्हिलच्या मुलीने मला दिलेलं त्याचं स्टॉपवॉच टेबलावर ठेवलं, सुरू केलं आणि एडिथला फोन लावला. माफी मागितली. तीन मिनिटांचं भाषण म्हणून दाखवलं. मांजरही आलं त्यात.

"मावशी?" ती म्हणाली. "आमच्या आईला बहीणच नव्हती. कुठलं मांजर?"

स्टॉपवॉचचा काटा तीन मिनिटांच्या केव्हाच पुढे गेला होता. मी ते पालथं ठेवलं, खुर्ची ओढून बसलो आणि म्हणालो, "पिवळं होतं. एका कानाने बहिरं..."